राक्षसाच्या आतलं तोंड

बेबीची पन्नाशी उलटली तरी लोक तिला बेबीच म्हणत, आणि त्यात तिचा काही दोष नव्हता. ते बाबांचं काम. एकदा केलेली वस्तू मोडायची नाही, वरून नवं चिकटवायचं, ही त्यांची रीत. बेबी पुढे कुणाची ताई झाली, कुणाची मामी झाली, लाँड्रीच्या काउंटरवर बसायला लागल्यावर मॅडमही झाली. पण वरचं जरा खरवडलं की खाली बेबी ती बेबीच.

राक्षसाचंही तेच झालं होतं.

बाबा सिनेमासाठी तोंडं करायचे. मुखवटा म्हटलेलं त्यांना खपायचं नाही. "मुखवटा पोरं लावतात, दोरी बांधून. मी तोंड करतो." आता ते सिनेमे तरी कसले, तर तीन आठवड्यांत सुरू होऊन संपणारे, सकाळच्या खेळाला लागणारे, जाहिरातीत नटीपेक्षा राक्षस मोठा असणारे. शहाणीसुरती माणसं ते बघायची, पण बघितले म्हणून कुणाला सांगायची नाहीत. त्या सगळ्या सिनेमांचा शेठ एकच, जंगल एकच, करकरणारा जिना एकच, आणि राक्षसाचं डोकंही एकच. रबर महाग आणि शेठला घाई. पहिल्या सिनेमात विहिरीतून वर येणारा राक्षस होता. दुसऱ्याला चंद्रावरचा हवा होता, तर बाबांनी विहिरीतल्याच्याच तोंडावर कापूस, कापडाच्या पट्ट्या आणि रबराचं दूध चढवून चंद्रावरचा केला. मग चंद्रावरच्याला खवले लावून समुद्रातला. समुद्रातल्याला केस लावून जंगलातला. असं करता करता शेवटी तारा आणि दिवे लावलेला यंत्रराक्षस झाला. त्याचे दिवे दुसऱ्याच दिवशी गेले, तेव्हा शेठनं त्याला आंधळा राक्षस म्हणून खपवला.

आणि आत माणूसही एकच. बाबांचा धाकटा भाऊ, बेबीचा काका.

काकाचं नाव कधी पडद्यावर आलं नाही. आत माणूस आहे हे कळलं तर लोक घाबरणार नाहीत, असं शेठचं म्हणणं. म्हणून नावांच्या पाटीवर लिहायचे, 'राक्षस', आणि पुढे तीन प्रश्नचिन्हं. काकाला त्याचं काही वाटायचं नाही. निदान तो तसं दाखवायचा. "नाव, वडिलांचं नाव, आडनाव," तो बोटं मोजून दाखवायचा, "तिन्ही आली की! आणखी काय पाहिजे?"

पण चौथ्या-पाचव्या सिनेमापासून तो दुसरंही काही म्हणायला लागला होता. "दादा, जड होतंय रे." नाकापेक्षा मोती जड म्हणतात, इथे तर अख्खं डोकं डोक्यापेक्षा जड झालेलं. बाबा ब्रश न थांबवता म्हणायचे, "राक्षस आहेस. फूल नाहीस."

हे वाक्य बेबीला पाठ होतं, कारण घरात ते विनोद म्हणून सांगितलं जायचं. पुढे काकाच्या मानेचे मणके झिजले, गळ्यात पट्टा आला, तेव्हापासून तो विनोद सांगणं बंद झालं. काका पलीकडच्या गल्लीतून चहाला यायचा, पट्ट्यातून हनुवटी उचलत गप्पा मारायचा, जायचा. मानेचं बाबांनी कधी विचारलं नाही, त्यानंही कधी सांगितलं नाही. काकू मात्र या घराचा उंबरा ओलांडायची नाही. काकाला जाऊन दोन वर्षं झाली, तिचा तो नेम मोडला नव्हता.

अशा घरात एक दिवस फिल्मसंग्रहातली बाई आली.

वरातीमागून घोडं, असं बेबीच्या मनात आलं. पण बाई चांगली होती. चिवट, हसरी, पायातल्या चपला बाहेर नीट लावून ठेवणारी. हे दुर्लक्षित सिनेमे आणि ते करणारी माणसं हाच तिचा विषय. ती सांगत होती की शेठच्या एकाही सिनेमाचं अख्खं रीळ उरलेलं नाही. काही गोदामात पाघळली, काही त्यांच्यातली चांदी काढायला विकली गेली. एका सिनेमाची शेवटची पाच मिनिटं मिळालीत, त्यात राक्षस पाठमोरा आहे.

"पाठमोरा म्हणजे मरतानाचा," बाबा म्हणाले. "चुन्याच्या खड्ड्यात. ते आमच्याच मागच्या आवारात घेतलं होतं. चुना नव्हता हो, मैदा होता. आठवडाभर मुंग्या."

बाई खळखळून हसली आणि तिनं बोलणं ध्वनिमुद्रित करायचं यंत्र जरा पुढे सरकवलं. बाबा खुलले. इतक्या वर्षांत त्यांना कुणी 'मास्तर' म्हटलं नव्हतं, ती म्हणत होती. ते दोन तास बोलत राहिले. मग तिनं विचारलं, "मास्तर, आत कोण असायचं?"

"आत कोण का असेना," बाबा म्हणाले. "तोंड चांगलं असलं की आत उशी ठेवली तरी चालते."

बेबी चहाचे कप उचलत होती. ती उचलतच राहिली. "काका होता," असं तिला म्हणता आलं असतं. पण बाबा रंगात आले होते, आणि बऱ्याच वर्षांनी आले होते.

"आणि ते डोकं?" बाईनं विचारलं. "ते कुठे गेलं?"

"जातंय कुठे! कपाटावर आहे, पत्र्याच्या डब्यात."

बाई खुर्चीतून उठली आणि पुन्हा बसली. पुढच्या आठवड्यात गाडी घेऊन येते, म्हणाली; काचेच्या पेटीत ठेवू, खाली तुमचं नाव लिहू. जाताना बेबीचा हात धरून म्हणाली, "ताई, तोवर डबा उघडू नका हं."

आता ज्या घरात पाहुणे यायचे म्हणून उशांचे अभ्रेसुद्धा इस्त्री होतात, तिथे हे सांगून काय उपयोग! बेबीनं दुसऱ्याच दिवशी डबा उघडला. आत उंदीर फिरून गेले होते. तोंडात कोंबलेल्या चिंध्यांची घाण येत होती. तिनं नाकाला रुमाल बांधून चिंध्या काढल्या, आणि राक्षस बसला. म्हणजे खरंच बसला. गाल आत गेले, कपाळ पुढे आलं, पंक्चर झालेल्या चाकासारखं सगळं जमिनीला टेकलं. विहीर, चंद्र, समुद्र, जंगल, सगळी भीती एकावर एक अशी लोळागोळा.

असं कसं द्यायचं कुणाच्या हातात? लोक काय म्हणतील, मास्तर म्हणे!

'रिकामं तोंड ठेवायचं नाही, पडतं,' हे बाबांचं जुनं वाक्य. आत काहीतरी भरायला हवं होतं, टिकाऊ, उंदीर न खाणारं. आणि बेबीला एक काम लहानपणापासून येत होतं. मागच्या आवारातल्या बाबांच्या पत्र्याच्या शेडमध्ये प्रत्येकाचं काम ठरलेलं असायचं. मातीचं आणि रबराचं काम बाबांचं. प्लास्टर कालवायचं काम बेबीचं. पाण्यात प्लास्टर सोडायचं, प्लास्टरमध्ये पाणी ओतायचं नाही, आणि एकाच दिशेनं ढवळायचं, म्हणजे बुडबुडे येत नाहीत. हात सगळं विसरत नाहीत. रंगाच्या दुकानातून प्लास्टरची पिशवी आणली, बादलीत कालवलं, डोकं उलटं करून डब्यात बसवलं, काका जिच्यातून डोकं घालायचा ती मागची फट बुटाच्या लेसनं आवळली आणि मानेच्या भोकातून ओतलं. दाट दह्यासारखं, एकही बुडबुडा नाही. राक्षस फुगला, ताठ झाला, पूर्वीसारखा उग्र दिसायला लागला. बेबीला इतका आनंद झाला की तिनं त्याच्या गालावर थोपटलं. गाल गरम होत चालला होता.

बाबा आतून काठी टेकत आले. बादली पाहिली, राक्षस पाहिला, वाकून भोकात पाहिलं.

"साबण लावलास?"

"कसला साबण?"

"आतून. ओतायच्या आधी. सुटायला नको?"

बेबीच्या हातातला चमचा तसाच राहिला. साबण. खरंच की, साबण असायचा. कपडे धुण्याचा पिवळा साबण गरम पाण्यात विरघळवून, ब्रशनं कानाकोपऱ्यात. तिला तो वास आला, आणि ब्रश धरलेला हातही दिसला. तो हात तिचा नव्हता, बाबांचाही नव्हता.

"साबण काकाचं काम होतं," ती म्हणाली.

बाबा काठी टेकत आत गेले. नव्या रबराला प्लास्टर धरत नाही, पण हे रबर आतून पाघळून गुळासारखं चिकट झालेलं. संध्याकाळपर्यंत दोन्ही एक झालं. लेस सोडून बेबीनं फटीत बोट घालून पाहिलं, रबर आणि प्लास्टरच्या मधे नखसुद्धा शिरेना.

तिनं बाईला फोन केला. बाई तासाभरात आली. रागावली नाही, आणि बेबीला तेच जास्त लागलं. तिनं बॅटरी लावून फटीतून पाहिलं, मग मागे सरून जमिनीवर बसली.

"मास्तर, हे पहिलं रबर तुम्ही कशावर चढवलं होतं?"

"कशावर म्हणजे? धाकट्याच्या तोंडाचा साचा घेतला, त्यातून प्लास्टरचं तोंड काढलं, त्याच्यावर. अंगाबरोबर बसायला नको?"

"ते प्लास्टरचं तोंड आहे?"

"कधीच फुटलं. शेड पाडली तेव्हा."

"म्हणजे रबराच्या आतल्या बाजूला त्यांच्या चेहऱ्याचा ठसा होता." बाई हळू बोलत होती. "आणि ताईंनी त्यात प्लास्टर ओतलं. म्हणजे आत आता त्यांचं तोंड आहे. तरुणपणीचं."

बेबीनं राक्षसाकडे पाहिलं. तो जसाच्या तसा दात दाखवत होता.

बाईनं मग नीट समजावलं. प्लास्टर मागून फोडून काढलं तर राक्षस वाचेल, पण आतलं तोंड जाईल. तोंड हवं तर रबर कापावं लागेल, आणि एकदा कापलं की ते एकावर एक बसलेले राक्षस परत जुळणार नाहीत. पण तिसरी वाट आहे. दवाखान्यात न कापता आतलं दाखवणारं यंत्र असतं. ती ओळखीनं विचारून बघणार होती. आतला आकार त्यात नोंदवला की तसंच तोंड वेगळं घडवता येईल, वरचे राक्षस राहतील. "फक्त थोडे दिवस द्या. आणि कुणीही हात लावू नका. ताई, तुम्हीसुद्धा."

"आता माझे हात बांधूनच ठेवते," बेबी म्हणाली.

दारात बाईनं विचारलं, "त्यांचा एखादा फोटो असेल ना? त्या काळातला?"

नव्हता. आतल्या माणसाचा फोटो काढायचा नाही, असा शेठचा हुकूमच होता. काकूकडे तरी एखादा असेल का, ते विचारायला म्हणून बेबी तिच्याकडे गेली. निदान स्वतःला तिनं तसंच सांगितलं.

काकू गॅलरीत वाळलेले कपडे काढत होती. बेबीनं सगळं सांगितलं, साबणासकट. काकूनं हातातल्या टॉवेलची घडी घातली, मोडली, परत घातली.

"तुझ्या बापानं काय सांगितलं त्या बाईला? आत कोण होतं म्हणून?"

बेबीला खोटं बोलता येत नव्हतं. नुसतं गप्प बसता यायचं. काकूनं तिच्याकडे पाहिलं आणि मान हलवली.

"उशी, होय ना? मला पण तेच म्हणाले होते एकदा. लग्नात." तिनं टॉवेल बाजूला ठेवला. "येते मी रविवारी. बघायला."

"काकू, हात लावायचा नाहीये हं. मॅडमनी सांगितलंय."

"मी कशाला हात लावू? माझा काय संबंध!"

रविवारी ती आली. इतक्या वर्षांनी उंबरा ओलांडताना जरा अडखळली, तेव्हा बाबा खुर्चीतून अर्धे उठले. "ये. बस," एवढंच म्हणाले. ती बसली नाही. टेबलावर वर्तमानपत्र पसरून त्याच्यावर राक्षस ठेवला होता, ती त्याच्यासमोर उभी राहिली, एखाद्या नातेवाइकाकडे आल्यासारखी.

"यातच आहेत म्हणे ते."

"आहे," बाबा म्हणाले.

"मग काढा की बाहेर."

"काकू," बेबी मधे पडली, "थोडे दिवस थांबायचं आहे. यंत्रात घालून—"

"तू थांब गं. मी भावोजींशी बोलतेय." काकूनं आवाज चढवला नव्हता. "इतकी वर्षं आत ठेवलंत. आता तरी बाहेर काढा."

"बाईनी नाही म्हटलंय," बाबा म्हणाले. "हात लावू नका म्हणाल्या."

"अस्सं! सांगितलेलं ऐकता वाटतं हल्ली? ह्यांनी सांगितलं तेव्हा काय कानात कापूस घातला होता? सगळा राक्षसालाच लागला म्हणावं!"

बेबीला वाटलं, आता बाबा भडकणार. त्यांच्या कपाळाची शीर तटतटली होती. पण ते उठले, भिंत धरत आत गेले आणि हत्यारांची जुनी पेटी घेऊन आले. त्यातली वाकड्या पात्याची सुरी काढली. पात्यावर अंगठा फिरवून पाहिला.

"बाबा, नको. थोडेच दिवस, बाबा. दोन्ही मिळणार आहे."

"धर," ते म्हणाले. "तिकडून धर, हलू देऊ नको."

आणि बेबीनं धरलं. पुढे कित्येकदा तिनं स्वतःला विचारलं, का धरलं? उत्तर एकच यायचं: त्या शेडमध्ये बाबांनी धर म्हटलं की धरायचं असायचं.

बाबांचा हात कप पकडताना थरथरायचा. सुरी धरल्यावर थरथरला नाही. त्यांनी टाळूपासून गळ्यापर्यंत एक चीर दिली आणि सोलायला सुरुवात केली. आधी यंत्रराक्षस गेला, गंजलेल्या तारांसकट. मग जंगलातला, केसांचे पुंजके बेबीच्या हाताला चिकटले. समुद्रातल्याचे खवले कडाकड तुटून टेबलावर पडले. प्रत्येकाच्या खाली आधीचा दिसायचा, क्षणभर, ताज्या रंगात, जणू आत्ताच कॅमेऱ्यासमोर जाणार आहे, आणि मग सुरी त्यातूनही जायची. सगळ्यात शेवटी विहिरीतला आला. हिरवा, ओबडधोबड, घाबरवण्यापेक्षा घाबरलेलाच जास्त. ज्यापासून सगळं सुरू झालं तो. बाबा तिथे थांबले. त्याच्या गालावरून त्यांनी बोट फिरवलं.

"हा चांगला झाला होता," ते म्हणाले, आणि कापलं.

शेवटचं रबर सुटेना. ते नखानं, चमच्यानं, ओल्या फडक्यानं काढावं लागलं, आणि साबण न लावल्याचं फळ तिथे दिसलं. हनुवटी रबराबरोबर उखडून आली. खालचा ओठही गेला. पण वरचं आलं: पांढरं कपाळ, डाव्या भुवईतली लहानपणीची खोक, मिटलेले डोळे, नाक, वरचा ओठ. साचा घेताना नाकात नळ्या घालून निजवलेला, हसू दाबून धरलेला एक पोरगा.

बाबांनी सुरी खाली ठेवली. काकू वाकली. बराच वेळ बघत राहिली, आणि बेबीला भीती वाटली की ती रडणार.

"हे कोण?" काकू म्हणाली.

"काका," बेबी म्हणाली. "काकू, काका आहे तो."

"ते कळलं गं. पण ह्यांना मी कुठे पाहिलंय? माझं लग्न नंतरचं. तीन-चार राक्षस होऊन गेले होते तोवर." तिनं एक बोट त्या कपाळावर ठेवलं, दोन भुवयांच्या मधोमध. "आठी नाहीये इथे. बघ. मी आले तेव्हापासून इथे आठी होती, ही एवढी. झोपेतसुद्धा जायची नाही." तिनं बोट काढून घेतलं. "मला वाटायचं, माझ्यामुळे पडली."

बाबांनी तोंड फिरवलं आणि खिडकीकडे पाहत राहिले. खिडकीबाहेर समोरच्या इमारतीची भिंत होती.

दारावर टकटक झाली ती संग्रहवाल्या बाईची. तिला इतक्यात यायचं नव्हतं, पण बातमी फोनवर सांगण्यासारखी नव्हती म्हणून धावत आली होती. "मास्तर, यंत्राचं जमलं! परवा सकाळी—" आणि तिला टेबल दिसलं.

ती खाली बसली. वर्तमानपत्रावरचे तुकडे तिनं हळूच उलटेपालटे करून पाहिले, हा कुठला, तो कुठला. तिचा चेहरा पाहून बेबीला कळलं की घरातलं कुणीतरी गेल्यासारखं आहे हे, आणि या घरात ते तेवढं तिलाच कळतंय.

"परवा हो, मास्तर," ती एवढंच म्हणाली. "परवा."

शेवटी बाईनं डोळे पुसले, पिशवीतून वही आणि पेन काढलं आणि काकूकडे वळली. "काकू, हा चेहरा आम्ही जपून ठेवला तर चालेल? पेटीत. तुकडे खाली ठेवू. वर हा."

"आज नको," काकू म्हणाली. "आज ह्यांना घरी नेते. उद्या येऊन घेऊन जा."

"आणि खाली नाव काय लिहू?"

काकूनं सांगितलं. नाव, वडिलांचं नाव, आडनाव. तिन्ही. एकेक सावकाश, बाईचं पेन थांबेपर्यंत थांबून. मग तिनं बेबीकडून एक जुना टॉवेल मागून घेतला, त्यात ते अर्धं तोंड गुंडाळलं आणि छातीशी धरून निघाली. उंबऱ्याशी या वेळी अडखळली नाही. बाबांकडे तिनं वळून पाहिलं, की फक्त चप्पल शोधली, ते बेबीला नक्की सांगता आलं नसतं.

बाई तिला सोडायला खाली गेली. बाबांनी सगळे तुकडे गोळा केले. तारा, केस, खवले, हिरवं, निळं, काळं रबर, सगळं पत्र्याच्या डब्यात परत भरलं. मग कपाटावर ठेवायला म्हणून दोन्ही हातांनी डबा उचलला. गुडघ्यापर्यंत आला, त्याच्यावर येईना. त्यांनी परत जोर लावला. मान ताणली गेली, गळ्याच्या शिरा वर आल्या.

"बेबी," ते म्हणाले, डबा तसाच धरून. "धर गं जरा. जड आहे."